दाता क्रमांक म-३१७

कुंदा नांद्रेकरच्या सल्ल्याच्या टेबलाच्या खणात एक जाड वही होती. पेढीत आठ वर्षांत आलेल्या अकराशे सहा कुटुंबांनी तोंड उघडल्यावर पहिला प्रश्न कोणता विचारला, तो त्या वहीत लिहून ठेवलेला होता. हे काम तिला कोणी सांगितलं नव्हतं. काही बायका शिळ्या पोळ्यांचा कुस्करा करतात, कुंदा माणसांचा हिशेब ठेवायची, एवढंच. ‘बरं होईल का?’ असं पहिल्या झटक्यात विचारणारी कुटुंबं निघाली त्रेसष्ट. ‘कुणाला कळणार तर नाही ना?’ असं विचारणारी दोनशे अठरा. आणि उरलेल्या आठशे पंचवीस कुटुंबांचा पहिला प्रश्न एकच होता : ‘कोणाचं असतं?’

मिरजेच्या स्टेशनामागे ही आंत्रपेढी उभी राहिली, तेव्हा गावाने तिला जे नाव ठेवलं ते इथे लिहिण्यासारखं नाही. रिक्षावाल्याला मात्र तेच सांगावं लागे, नाहीतर तो भलत्याच दवाखान्यात नेऊन सोडायचा.

तोवर डॉक्टरांना एक गोष्ट कळून चुकली होती. निराशेचा आजार हा एक आजार नव्हता. एकाच नावाखाली पाच-सहा वेगवेगळे आजार वावरत होते. त्यांतल्या एकाचं मूळ डोक्यात नसून आतड्यात होतं. आतड्यातले कोट्यवधी जिवाणू अन्न आंबवून काही आम्लं तयार करतात. ती आम्लं, आणि पोटापासून थेट मेंदूपर्यंत गेलेली एक लांबलचक नस, यांच्यामार्फत खालचं वर आणि वरचं खाली सतत कळत असतं. या प्रकारच्या रोग्यांच्या पोटातून त्या जिवाणूंच्या काही जाती साफ नाहीशा झालेल्या असत. त्यांना गोळ्या लागू पडत नसत. मग ज्याच्या पोटात त्या जाती उदंड आहेत अशा निरोगी माणसाची विष्ठा घ्यायची, ती गाळायची, धुवायची, गोठवून सुकवायची, कॅप्सूलमध्ये भरायची आणि रोग्याला रोज दोन द्यायच्या. दुधाला विरजण लावण्यातलाच प्रकार. बेचाळीस दिवसांत नवी वस्ती रुजली की रोपण पक्कं झालं असं म्हणत.

घोडं अडलं ते वेगळ्याच ठिकाणी. किळस आली की माणसाचं नाक तर आक्रसतंच, पण जठराचा ठेकाही बिघडतो, आतडी उलटसुलट हलतात आणि आतलं अस्तर बुळबुळीत होतं. विषारी काही पोटात गेलं तर ते बाहेर टाकण्यासाठी निसर्गाने केलेली ही सोय. पण नव्याने रुजणाऱ्या जिवाणूंच्या पायाखालची जमीनही तीच असते. रोग्याला कॅप्सूलची किळस दोन-तीन दिवसांत सरावाने जाई. दात्याची किळस मात्र जात नसे. दाता कोण हे ज्यांना मध्येच कळलं, अशा दर तिघांतल्या दोघांचं रोपण ओघळून गेलं. इतर देशांत एवढं होत नव्हतं, इथेच होत होतं. परदेशी तज्ज्ञ येऊन पाणी तपासून गेले, मसाले तपासून गेले. कुंदाला विचारलं असतं तर तिने वही दाखवली असती.

म्हणून पेढीचा नियम होता : दात्याचं नाव नाही, गाव नाही, फक्त क्रमांक.

*

दिगंबर नांद्रेकर हा कुंदाचा थोरला भाऊ. ज्युनियर कॉलेजात तेहेतीस वर्षं रसायनशास्त्र शिकवून निवृत्त झालेला. एका सोमवारी तो बायको-मुलीला घेऊन पेढीत आला आणि कुंदासमोरच्या खुर्चीत असा बसला, की जणू कुंदाच त्याच्या वर्गात आलीय.

“रिपोर्ट आलाय. शालूचा तोच प्रकार निघाला. आतड्याचा,” तो म्हणाला. “तू इथेच आहेस म्हणून विचारतो. कोणाचं असणार आहे?”

“आठशे सव्विसावं,” कुंदा पुटपुटली.

“काय?”

“काही नाही. सांगता येत नाही, दादा.”

“मला? सख्ख्या भावाला?”

“सख्ख्या भावाला तर मुळीच नाही.”

मंदाकिनीवहिनी पदराशी चाळा करत होत्या. “नाव नको हो, वन्सं. पण माणूस कसला, एवढं तरी. शाकाहारी असेल ना?”

शाल्मली, म्हणजे शालू, खिडकीजवळ बसली होती. वय चोवीस. इचलकरंजीच्या एका मिलमध्ये कापडावरची नक्षी काढायची. दोन वर्षांपूर्वी एके दिवशी कामावर गेली नाही, ती पुन्हा गेलीच नाही. मला रंग दिसतात पण त्यांचं पुढे काही होत नाही, असं ती एकदा आत्याला म्हणाली होती. तीन तऱ्हेच्या गोळ्या झाल्या. गेल्या वर्षी तर तिला आठ दिवस दवाखान्यात ठेवावं लागलं होतं. का, ते घरात कोणी उच्चारत नसे. शेजाऱ्यांना कावीळ सांगितली होती.

“आत्या,” खिडकीबाहेरची नजर न काढता शालू म्हणाली, “कोणाचंही दे. कुत्र्याचं असलं तरी चालेल.”

“शालू! काय बोलतेस अगं!” वहिनी म्हणाल्या.

दिगंबरने घसा साफ केला. “हे बघ कुंदा, मी जुन्या विचारांचा नाही. रेणू हा रेणू असतो, मीच शिकवलंय पोरांना. पण पर्याय असेल तर आपल्यातला का घेऊ नये? नातेवाईक दाता असा एक फॉर्म आहे तुमच्याकडे. मी वाचलाय. आपला मधू आहे की! त्याच्याइतका आनंदी माणूस अख्ख्या जिल्ह्यात दाखव.”

कुंदाने समजावून पाहिलं. दाता आनंदी असण्याचा आणि रोगी बरा होण्याचा काही संबंध नाही. विरजण लावणारी बाई गोड बोलते की नाही यावर दही अवलंबून नसतं. दिगंबर मान डोलावत ऐकत राहिला आणि शेवटी म्हणाला, “तरी मधूचं बघच.”

*

मधुकर नांद्रेकर हा त्यांचा चुलतभाऊ. त्याच्याहून मोठी माणसंही त्याला मधुकाका म्हणत. हास्यसंघाचा तो अकरा वर्षं अध्यक्ष होता. रोज सकाळी साठ-सत्तर माणसं मैदानात उभी करायचा आणि हात वर करून त्यांना हसवायचा. कोणाच्या तेराव्यालासुद्धा माणसं त्याच्याभोवती जमत.

तपासणीला आला तेव्हा त्याने आधी पेढीतल्या चारही मुलींना हसवलं. मग कुंदासमोर बसला, दार लोटून घेतलं, आणि तोंडावरचं हसू टोपी काढून ठेवावी तसं काढून ठेवलं.

“कुंदे, फॉर्मात एक प्रश्न आहे. ‘कोणतं औषध नियमित घेता?’”

“हो. आमच्याकडे साधी अ‍ॅसिडिटीची गोळी रोज घेणाराही दाता चालत नाही. मीसुद्धा नापास आहे त्यात.” टेबलावरची गोळ्यांची पट्टी तिने खणात सरकवली.

“मी अकरा वर्षं घेतोय. सकाळी एक, संध्याकाळी दीड.” त्याने नाव सांगितलं. निराशेवरचं जुनं, साधं औषध होतं. “संघ काढला तेव्हापासून. डॉक्टर म्हणाले होते, माणसांत मिसळा.”

कुंदाने वहीच्या खणाकडे पाहिलं. तिच्या वहीत याला रकाना नव्हता.

“तुझ्या बायकोला माहीत आहे?”

“ती समजते व्हिटॅमिन आहे.” तो उठला. “दिगूला सांगू नकोस. तू सांग की आतडं जुनं झालंय, काहीही सांग. आणि कुंदे, पोरीला आपल्यातलं नको देऊस. आपल्या घराण्यात हे नुसतं झाकलेलं आहे.” दाराशी त्याने हसू पुन्हा चढवलं आणि बाहेरच्या मुलींना म्हणाला, “नापास! आयुष्यात पहिल्यांदा या विषयात नापास!” मुली खिदळल्या.

दिगंबरला मात्र तो अपमान वाटला. “आपल्या माणसाला नापास करता, आणि पास कोणाला करता ते सांगत नाही,” असं तो फोनवर तीनदा म्हणाला. शेवटी शालूने स्वतःच फॉर्मवर सही केली. तिला जुळणारा दाता एकच निघाला. त्र्याण्णव टक्के. म-३१७.

*

म-३१७ आठवड्यातून तीन दिवस सकाळी सात वाजता मागच्या बोळातल्या खिडकीवर यायची आणि येतानाच भांडत यायची. द्वारकाबाई तिचं नाव. जनावरांच्या बाजारालगत तिचं वजडीचं दुकान होतं. कापलेल्या बोकडांची आतडी आणि पोटं धुऊन, खरवडून, पांढरीशुभ्र करून ती विकायची. तीस वर्षं चुना, मीठ आणि गरम पाणी यांत बुडून तिच्या हातांना कातड्याचा रंग उरला नव्हता. पेढीतल्या यंत्राने तिच्यासारखं आतडं जिल्ह्यात दुसरं पाहिलं नव्हतं.

“घ्या लवकर,” ती खिडकीतून डबा सरकवत ओरडायची. “माझा माल तिकडं उन्हात पडलाय. आणि झाकण बदला म्हणलं तर बदलत न्हाई तुम्ही लोकं.”

एकदा कुंदा खिडकीपाशी उभी होती, तेव्हा द्वारकाबाईने तिला गाठलं. “बाई, खरं सांगा. हे खरंच खात्यात व्हय माणसं?”

“कॅप्सूलमध्ये भरून. धुऊन, गाळून.”

“किती पाण्यानं धुता?”

“चार वेळा.”

“शी, शी, शी!” द्वारकाबाईने पदर नाकाला लावला. “आम्ही बोकडाची वजडी सात पाण्यानं धुतो. तवा कुठं गिऱ्हाईक हात लावतं. तुमची शिकलेली माणसं मोठी घाण हाईत बाई!”

कुंदा त्या दिवशी दुपारपर्यंत एकटीच हसत होती.

*

नवव्या दिवशी शालूने डोकं धुतलं. चौदाव्या दिवशी चहात साखर कमी आहे म्हणाली. दोन वर्षांत तिने चहाबद्दल एक अक्षर काढलं नव्हतं. कुंदाने हा चहा फॉर्मवर नोंदवला, कारण चव परत येणं ही पहिली खूण. अठराव्या दिवशी शालूने बाबांना सांगितलं, की बैठकीतला पडदा घाणेरड्या रंगाचा आहे आणि तो नेहमीच घाणेरडा होता. एकविसाव्या दिवशी तिने आईला विचारलं, “मला कावीळ झाली होती असं का सांगितलंत?”

रविवारी कुंदा भावाकडे गेली तेव्हा वहिनी स्वयंपाकघरात डोळे पुसत होत्या.

“बरी होतेय म्हणता, वन्सं, पण खेकसते हो. आधी कशी गरीब गाय होती. एका जागी बसवलं की बसायची.”

“वहिनी, ती आजारी होती.”

“हो, पण त्रास नव्हता.” मग त्यांनी आवाज खाली आणला. “परवा ऑम्लेट मागितलं. आपल्या घरात! हे त्या माणसाचं उतरतंय म्हणतात हे.”

“हॉस्टेलवर तीन वर्षं ऑम्लेटच खायची ती. मला फोटो पाठवायची.”

दिगंबर पेपर आडवा धरून बसला होता. पेपर खाली न घेता तो म्हणाला, “आमची मुलगी अशी नव्हती. काहीतरी कोणाचं तरी आत आलंय.”

कुंदाने मनातल्या मनात मांडून पाहिलं. मुलगी दोन वर्षं जिवंतपणी विझत होती तेव्हा या घराला झोप नीट लागत होती. बोलायला लागली तशी उडाली.  पोहे तसेच ठेवून कुंदा उठली.

*

रसायनशास्त्राच्या मास्तराला निरीक्षणाची सवय असते. दिगंबरने शालूच्या कॅप्सूलच्या डबीवरचा क्रमांक उतरवून घेतला. मग तो फिरायला म्हणून निघायचा आणि पेढीच्या मागच्या बोळासमोर चहाच्या गाड्यावर बसायचा. दात्यांच्या डब्यांच्या झाकणांवर तेच क्रमांक ठळक अक्षरांत असत. हा पेढीचाच गाढवपणा, आठ वर्षांत कोणाच्या डोक्यात आला नव्हता. दोन सकाळी त्याने नुसता चहा प्यायला. तिसऱ्या सकाळी म-३१७ लिहिलेला डबा आला, तो वजडीने पांढऱ्या पडलेल्या हातांतून.

तो एकोणतिसावा दिवस होता. साडेआठला वहिनींचा फोन आला. “वन्सं, लवकर या. हे काहीतरी करतायत.”

कुंदा पोहोचली तेव्हा दिगंबरची तिसरी अंघोळ उरकली होती. ओल्या पंच्यानेच तो हातात तांब्या घेऊन घरभर गोमूत्र शिंपडत होता. सोफ्यावर, शालूच्या ताटावर, तिच्या पेल्यावर. कुंदा उंबऱ्यातच थांबली. गाईचं त्याला चालत होतं.

“वजडीवाली!” तो दबक्या आवाजात म्हणाला. “बाजारात मी तिच्या दुकानावरून जाताना नाकाला रुमाल लावतो, कुंदा! तिचं माझ्या मुलीच्या पोटात! आणि तू बघत राहिलीस. बहीण म्हणवतेस!”

“दादा, हळू. शालू आत आहे.”

“तिलाच सांगायला चाललोय.”

“तेरा दिवस राहिलेत. आत्ता कळलं तर काय होतं, तुला मी सांगितलंय. सगळं ओघळून जाईल. पुन्हा जुळणारा दाता नाही. मागच्या वर्षी तिला कशासाठी दवाखान्यात नेलं होतं, आठवतंय? की तूही कावीळच समजतोस?”

वहिनी भिंतीला टेकल्या. दिगंबरचा हात क्षणभर थांबला. पण माणसाला तत्त्व सापडलं की त्याला अडवणं कठीण.

“मुलीला अंधारात ठेवून तिला काहीबाही खाऊ घालायचं? तिला कळायचा हक्क आहे. मी बाप आहे. पुढचं नशीब तिचं.” आणि तो शालूच्या खोलीकडे निघाला.

कुंदा पुढे होऊन शालूच्या दाराला पाठ लावून उभी राहिली. याला विज्ञान सांगून उपयोग नव्हता, विज्ञान त्याला तिच्यापेक्षा जास्त येत होतं. दया मागून उपयोग नव्हता. भावाची चोपन्न वर्षांची नोंद तिच्याकडे होती. सरळ गोष्टीवर तो हजार शंका घ्यायचा. वशिल्याची गोष्ट त्याला चटकन पटायची.

“ती दाता नाही,” कुंदा म्हणाली. “दाता मी आहे.”

“काय?”

“कर्मचाऱ्याला दाता होता येत नाही. नोकरी जाईल माझी. म्हणून तिच्या नावावर नोंद केली. ती माझ्या गल्लीवरून येते, जाताना माझा डबा पोचवते. मधू नापास झाला, मग काय करणार होते मी? शालू माझीही आहे ना?”

 दिगंबरने तांब्या खाली ठेवला. त्याचे डोळे भरून आले. ते अश्रू खोटे नव्हते, आणि कुंदाला त्याचीच जास्त शिसारी आली.

“अगं, मग आधी नाही का बोलायचं? आपलंच आहे तर!” तो सोफ्यावर बसला, हसला, बायकोला चहा टाकायला म्हणाला. मग एकदम काही आठवून पुढे वाकला. “पण कुंदा, त्या बाईच्या हातात देतेस डबा? झाकण घट्ट असतं ना?”

*

पुढचे तेरा दिवस दिगंबरने मुलीचे लाड केले. तिच्या ताटातली भजी उचलून खाल्ली. ती खेकसली की तो कौतुकाने म्हणायचा, “कुंदावर गेलीय. कुंदाही लहानपणी अशीच फटकळ.” आणि गुपित त्याच्या पोटात राहिलं नाही. नोकरी जाईल एवढंच वगळून त्याने ते ज्ञाती मंडळाच्या सगळ्या कार्यकर्त्यांना सांगितलं.

बेचाळिसाव्या दिवशी रिपोर्ट आला : रोपण पक्कं. कुंदाने शालूला समोर बसवलं आणि शेवटचा फॉर्म काढला. झोप, भूक, चव, रडू. शालू भराभरा उत्तरं देत होती, मध्येच टेबलावरच्या फायलींच्या रंगांना नावं ठेवत होती.

“‘या काळात किळस आली का? होय किंवा नाही.’”

“होय.”

कुंदाचं पेन थांबलं.

“एकोणतिसाव्या दिवशी,” शालू म्हणाली. “दाराला पाठ लावून उभी होतीस ना, मी दाराच्या आतल्या बाजूला कान लावून होते. वजडीवाली इथपासून सगळं ऐकलं.”

“शालू, पण नंतर मी म्हणाले की...”

“आत्या, तू रोज सकाळी अ‍ॅसिडिटीची गोळी घेतेस. तुमचाच फॉर्म आहे, गोळी घेणारा दाता चालत नाही. मी वाचून सही केली होती. घरात मीच एकटीने तो पूर्ण वाचला.” ती थोडी हसली. “मी बादली पुढ्यात घेऊन बसले. म्हटलं, आता येईल किळस आणि सगळं जाईल. आली गं. पार घशापर्यंत आली. पण बाई वजडी विकते म्हणून नाही आली. बाबांनी विचारलं ना तुला, झाकण घट्ट असतं ना, तेव्हा आली.”

कुंदाने पाण्याचा पेला तिच्यापुढे सरकवला.

“नंतर मी कॅप्सूल हातात घेतली आणि म्हटलं, बाई, तुम्ही बसा निवांत. घर असलंच आहे.”

जठराचा ठेका त्या दिवशी चुकला असणारच. मग रोपण टिकलं कसं? एकाच दिवसाचा झटका होता म्हणून, की किळस कोणाची आली हे पोटालाही कळतं म्हणून? यंत्राला ते ठाऊक नव्हतं. कुंदाने ‘होय’वर खूण केली. ‘कोणाची’ याला फॉर्ममध्ये रकाना नव्हता.

“उद्या तुझा सत्कार आहे,” शालू म्हणाली. “बाबा शाल आणायला गेलेत.”

“दात्याचं नाव मला घेता येत नाही, शालू. कधीच.”

“तिचं घेऊ नकोस. तुझं काढून टाक.”

*

रविवारी सकाळी दहाला मंडळाचं कार्यालय गच्च भरलं होतं. व्यासपीठामागे फलक होता : ‘ज्ञाती आंत्रपेढी – संकल्प सोहळा.’ कुंदाने तो दोनदा वाचला. तिच्या एका खोट्यातून हे उगवलं होतं. दिगंबरने माइक हातात घेऊन सांगितलं, की विज्ञानाने आता सिद्ध केलं आहे, आपल्या माणसाला आपल्याच माणसाचं मानवतं. बाहेर कोणाकोणाचं काय काय मिसळतात कोण जाणे. आपली स्वतःची पेढी असावी, दाते आपले, रोगी आपले. टाळ्या झाल्या. नियोजित अध्यक्ष म्हणून मधुकाकाचं नाव पुकारलं गेलं. त्याने उठून दोन्ही हात वर केले, “हा हा हा!” तीनशे माणसांनी “हा हा हा!” केलं. त्याची नजर कुंदाकडे गेली आणि घाईने छताकडे वळली.

मग दिगंबरने शालूला वर बोलावलं, पेढ्यांचं ताट तिच्यापुढे धरलं आणि तोंड उघडलं. “पहिला पेढा लेकीच्या हातचा!” शालूने पेढा भरवला. कॅमेरे चमकले. कुंदाच्या खांद्यावर शाल पडली, हातात नारळ आला, तोंडापुढे माइक आला.

कुंदाने शाल काढली. शांतपणे घडी घातली, टेबलावर ठेवली, वर नारळ ठेवला.

“ही माझी नाही,” ती म्हणाली. “शालूची दाता मी नाही. मी भावाला खोटं सांगितलं, कारण खरं पचेपर्यंत तिला तेरा दिवस हवे होते. काल ते संपले. दाता कोण ते सांगणार नाही. आपल्यातलं कोणी नाही, एवढं सांगते. आपल्यातलं तपासलं होतं. ते चाललं नाही.”

 तीनशे माणसांना यातलं अर्धंमुर्धं कळलं. एकालाच पूर्ण कळलं, आणि त्याच्या तोंडात अजून पेढा होता.

दिगंबरचा जबडा हलायचा थांबला. त्याने मुलीकडे पाहिलं. मग तिच्या बोटांकडे. मधुकाकाला काय करावं सुचेना, त्याने सवयीने हात वर केले आणि “हा हा हा” म्हटलं. माणसांनाही काय करावं सुचत नव्हतं, म्हणून तीही सवयीने “हा हा हा” करून मोकळी झाली. त्या हसण्यातून दिगंबर तोंडावर रुमाल दाबून मागच्या बेसिनकडे धावला.

कुंदा आणि शालू मागोमाग गेल्या. तो चूळ भरत होता. एक, दोन, पाच. बोट घालून जीभ घासत होता. शालूने खुंटीवरचा टॉवेल काढला आणि त्याच्यापुढे धरला.

“बाबा, घ्या.”

त्याने टॉवेलकडे पाहिलं, तो धरलेल्या हाताकडे पाहिलं, आणि ओलं तोंड सदऱ्याच्या बाहीला पुसलं.

शालू थोडा वेळ तशीच उभी राहिली.  दोन महिन्यांपूर्वीची शालू इथून जी आत गेली असती ती पुन्हा बाहेर आली नसती. शालूने टॉवेल परत खुंटीवर अडकवला, नीट, दोन्ही टोकं सारखी करून.

“या टॉवेलचाही रंग घाण आहे,” ती म्हणाली. “आत्या, चल. मी तुझ्याकडे राहणार आहे. इचलकरंजीची बस तुझ्या घरावरून जाते.”

*

कुंदाने पेढीला सगळं लेखी कळवलं. पेढीने झाकणांवरचे क्रमांक बदलले आणि तिला शिक्षा म्हणून सल्ल्याच्या टेबलावरून उठवून मागच्या खिडकीवर डबे घ्यायला बसवलं. ज्ञाती मंडळाची पेढी काही थांबली नाही. तिच्या फॉर्मवर पहिला रकाना पोटजातीचा आहे, रक्तगट सातव्या ओळीत आहे, हे कुंदाने चहाच्या गाड्यावर ऐकलं. आणखी दोन समाजांनी जागा पाहिल्याचंही ऐकलं.

एका सकाळी डबा आदळला. “घ्या! आणि नवं झाकण लागत न्हाई नीट, सांगून ठेवते.” द्वारकाबाई वळली, दोन पावलं गेली, परत आली. खिडकीत डोकं घालून तिने विचारलं, “बाई, ते माझं कुणाला दिलंत, ते माणूस बरं झालं का?”

“नाव सांगता येत नाही.”

“नाव कुणी इचारलंय? बरं झालं का, तेवढं सांगा.”

“झालं.”

“काय करतं आता?”

“भांडतं.”

“मग झालं बरं,” द्वारकाबाई म्हणाली आणि तिचा माल उन्हात पडला होता म्हणून ओरडत निघून गेली.

कुंदाने खणातून वही काढली. द्वारकाबाई काही कुणाचं कुटुंब नव्हती, आणि नियमाने पाहिलं तर त्या वहीत तिची जागा नव्हती. कुंदाने ‘बरं होईल का?’चं पान उघडलं, त्रेसष्टच्या खाली चौसष्ट लिहिलं, आणि पुढच्या दात्याला आवाज दिला.